चोरवाटेने आलेली चिप

बर्लिनची भिंत उघडायला दहा दिवस उरले असताना, ३० ऑक्टोबर १९८९ रोजी, पूर्व जर्मनीच्या पाच बड्या अधिकाऱ्यांनी पक्षाच्या पॉलिटब्यूरोसाठी एक गोपनीय अहवाल लिहून पुरा केला. देशाची आर्थिक स्थिती खरोखर काय आहे, हा त्याचा विषय. नियोजन आयोगाचे प्रमुख गेरहार्ड श्यूरर हे त्याचे मुख्य लेखक. डोक्यावर कर्ज किती, कारखान्यांतली यंत्रे किती झिजली, घरे किती मोडकळीला आली अशा अनेक गोष्टींच्या बरोबरीने त्यात सूक्ष्म-इलेक्ट्रॉनिक्सच्या खर्चाचीही एक लहानशी नोंद आहे. २५६ किलोबिटची एक मेमरी चिप बनवायला तेव्हा देशाला ५३४ मार्क खर्च येत होता आणि जागतिक बाजारात तशीच चिप चार-पाच परकीय मार्कांना मिळत होती. देशी मार्क परकीय मार्कापेक्षा बराच हलका होता, हे इथे लक्षात घ्यायला हवे. निर्यातीतून एक परकीय मार्क मिळवायला त्या काळी चारहून अधिक देशी मार्क खर्ची पडत. ही सगळी सवलत दिली तरी घरची चिप बाजारभावाच्या पंचवीस पटींच्या आसपास पडत होती. आणि ही चिप पूर्णपणे घरची नव्हतीच. तिचे आराखडे जपानच्या तोशिबा कंपनीकडून गुपचूप मिळवलेले होते, ती घडवण्यासाठी लागणाऱ्या यंत्रांतली कितीतरी चोरवाटेने देशात आली होती.

अहवालावर सही करणाऱ्या त्या पाच जणांत आलेक्झांडर शाल्क-गोलोडकोव्स्की यांचेही नाव होते. ती चोरवाट ज्यांच्या अखत्यारीत चालत होती, तेच हे गृहस्थ. १९६६ साली परराष्ट्र व्यापार मंत्रालयात ‘व्यापारी समन्वय’ असे साधेसुधे नाव असलेला एक विभाग सुरू झाला. लोक त्याला ‘कोको’ म्हणत. शाल्क त्याचे प्रमुख झाले. ते मंत्रालयात सचिव होते आणि त्याच वेळी स्टासी या गुप्त पोलीस खात्यात कर्नल होते. मिळेल तिथून परकीय चलन उभे करायचे, हे विभागाचे काम. पश्चिम जर्मनीने १९६३ ते १९८९ या काळात पूर्वेच्या तुरुंगांतले सुमारे ३३ हजार राजकीय कैदी पैसे मोजून सोडवले. त्या बदल्यात येणाऱ्या मालाचे चलनात रूपांतर करण्याचा व्यवहार कोकोच्या हाती होता. जुन्या चित्रांचा, फर्निचरचा, चिनी मातीच्या भांड्यांचा संग्रह करणाऱ्या नागरिकांवर करचुकवेगिरीचा ठपका ठेवायचा, संग्रह जप्त करायचा आणि पश्चिमेत विकायचा, हाही त्याच विभागाच्या एका कंपनीचा धंदा होता. शस्त्रांची विक्री निराळी. मिळालेल्या चलनाचा एक भाग कर्जाच्या हप्त्यांना जाई, एक भाग नेत्यांच्या वसाहतीतल्या परदेशी चैनीला, आणि एक भाग ज्या वस्तू साम्यवादी देशांना विकायला मनाई होती त्या मिळवायला. एकाच कचेरीच्या एका दाराने माणसे बाहेर जात होती आणि दुसऱ्या दाराने यंत्रे आत येत होती. हे वाक्य लिहिताना मला आजही संताप आवरत नाही, आणि तो आवरावा असेही वाटत नाही.

तरीही ‘चोरी केली म्हणून बुडाले’ एवढ्यावर या प्रकरणाचा निकाल लावायला माझी तयारी नाही. तो निकाल ऐकायला बरा वाटतो, पण इतिहासाला धरून नाही. आधी मनाईची बाजू पाहू. १९४९-५० मध्ये अमेरिका आणि तिच्या मित्रदेशांनी मिळून ‘कोकॉम’ नावाची समिती स्थापन केली. कचेरी पॅरिसमध्ये. कुठली यंत्रे, धातू, उपकरणे आणि पुढे संगणक साम्यवादी गटाला विकू नयेत, याच्या याद्या ही समिती करत असे. रणगाड्याचे सुटे भाग त्यात असावेत, हे कोणालाही पटेल. पण चिप बनवण्याचे तंत्र क्षेपणास्त्रात लागते तसेच रुग्णालयातल्या उपकरणातही लागते. जवळपास पावणेदोन कोटी लोकवस्तीच्या एका औद्योगिक देशाला यादीतली ओळ दाखवून संबंध क्षेत्रातून बाहेर ठेवले, तर तो देश आडवाट शोधणार हे उघड होते. त्यात पूर्व जर्मनीचे भोगही होते. युद्धानंतर सोव्हिएत सैन्याने तिथले कारखाने सुटे करून रेल्वेने नेले, शास्त्रज्ञ नेले. पुढे सोव्हिएत संघाकडून चिप-तंत्रात जी मदत मिळाली ती तुटपुंजी होती, कारण मॉस्कोतले लष्करी खाते आपले ज्ञान मित्रांपासूनही लपवून ठेवत असे. चोरीला कारणे होती, आणि ती खोटी नव्हती.

आणि नक्कल म्हणाल, तर उद्योगात पुढे गेलेल्या बहुतेक देशांनी कधी ना कधी दुसऱ्याची नक्कल केलेलीच आहे. अठराव्या शतकात इंग्लंडचा कायदा सूतकताईची यंत्रे आणि ती चालवणारे कुशल कारागीर या दोहोंना देशाबाहेर जाऊ देत नव्हता. कोकॉमचा तो पूर्वजच म्हणायचा. १७८९ मध्ये सॅम्युएल स्लेटर नावाचा तरुण यंत्रांची रचना डोक्यात साठवून, स्वतःचा व्यवसाय लपवून अमेरिकेला गेला आणि ऱ्होड आयलंडमधल्या पॉटकेट इथे त्याने पाण्यावर चालणारी सूतगिरणी उभी केली. अमेरिकेत त्याला उद्योगाचा जनक मानतात, इंग्लंडमध्ये त्याला गद्दार म्हणत. यंत्रांच्या निर्यातीवरची ही बंदी इंग्लंडने १८४३ मध्ये उठवली. त्यानंतर अकरा वर्षांनी कावसजी दावर यांनी मुंबईत सूतगिरणीची कंपनी काढली, तेव्हा ओल्डहॅमच्या प्लॅट ब्रदर्सकडून त्यांना सरळ यंत्रे मागवता आली. गिरणगावाचा सगळा इतिहास या उघड खरेदीच्या आधारावर उभा आहे. मागवलेल्या यंत्राबरोबर ते जोडून देणारा माणूस येतो, बिघडले तर पत्र लिहिता येते, दुसऱ्या गिरणीत काय चालले आहे ते पाहता येते. स्लेटर कायदा मोडून निघाला, पण पोचल्यावर त्याने काही लपवले नाही. त्याची गिरणी सर्वांच्या डोळ्यांसमोर चालली. शेजारी बघून शिकले, त्याच्याकडचे कामगार बाहेर पडून स्वतःच्या गिरण्या काढू लागले.

माझे म्हणणे इथून सुरू होते. पूर्व जर्मनीला चोरीने बुडवले नाही. चोरी झाकण्यासाठी जी गुप्तता लागली, तिने बुडवले. सीमेवरून माल आत आला की गुप्ततेचे काम संपायला हवे होते. ते संपले नाही. प्रयोगशाळेत, कारखान्यात, हिशेबाच्या वहीत, मंत्रिमंडळाच्या बैठकीत ती पसरत गेली, आणि शिकण्याची प्रत्येक वाट तिने बंद केली.

व्यवहार कसा चाले ते पाहिले की हे स्पष्ट होते. इलेक्ट्रॉनिक्सच्या आयात-निर्यात कंपनीत ‘व्यापार विभाग ४’ नावाचा वेगळा कप्पा होता. बंदी असलेल्या वस्तू मिळवणे हे त्याचे काम, आणि गेरहार्ट रोनेबेर्गर त्याचे प्रमुख. साम्यवादी राजवट गेल्यावर त्यांनी या उद्योगाच्या आठवणी पुस्तकरूपाने लिहिल्या. पश्चिम जर्मनी, ऑस्ट्रिया, स्वित्झर्लंड इथले मध्यस्थ गाठायचे, कागदावर खरा ग्राहक दुसराच दाखवायचा, माल दोन-तीन देशांतून फिरवायचा, प्रत्येक टप्प्यावर कोणाचा ना कोणाचा हात ओला करायचा. दुसरी वाट हेरांची. स्टासीच्या परदेशी हेरखात्यात १९७१ पासून विज्ञान आणि तंत्रज्ञानाचा स्वतंत्र विभाग होता. पश्चिमेतल्या कंपन्यांत आणि संशोधनसंस्थांत पेरलेली माणसे तिथून कागद, नमुने, आराखडे पाठवत. याच विभागातला वेर्नर श्टिलर हा भौतिकशास्त्र शिकलेला अधिकारी जानेवारी १९७९ मध्ये कागदपत्रांचे गाठोडे घेऊन पश्चिमेत पळून गेला, तेव्हा तिथले अनेक हेर पकडले गेले आणि अनेकांना रातोरात पूर्वेला पळावे लागले.

आलेला कागद इंजिनिअरच्या हाती जसाच्या तसा पडत नसे. तो कुठून आला, कोणी दिला, कोणत्या कंपनीचा, हे कळू शकेल अशा सगळ्या खुणा आधी पुसल्या जात. हेराचा जीव वाचवायला हे आवश्यकच होते. पण ज्याला त्या कागदावरून काम करायचे, त्याच्या दृष्टीने याचा अर्थ काय होतो ते पाहा. समोर एका प्रक्रियेची कृती आहे, पण ही शेवटची आवृत्ती आहे की मधली टाकून दिलेली, हे माहीत नाही. एखादा आकडा चुकीचा वाटला तर विचारायला कोणी नाही. यंत्र आले आहे, पण त्याची मार्गदर्शिका आलेली नाही, आणि एखादा भाग मोडला तर तो मागवायला पुन्हा तीच चोरवाट, पुन्हा काही महिने. चिप बनवणे म्हणजे सिलिकॉनच्या चकतीवर शेकडो टप्प्यांचे काम. पाण्याची शुद्धता, हवेतली धूळ, वायूचा दर्जा, भट्टीचे तापमान यांत किंचित फरक पडला की चकतीवरच्या बहुतेक चिप निकामी ठरतात. शंभरातल्या किती चिप चालतात यावर सगळा खर्च अवलंबून असतो, आणि तो आकडा वाढतो तो रोजच्या चुका उघड बोलून, दुसऱ्या कारखान्याशी ताडून, यंत्र बनवणाऱ्याशी भांडून. ५३४ मार्कांतला मोठा वाटा अशा वाया गेलेल्या चकत्यांचा होता. चिपचे थर एकेक करून खरवडून काढायचे, सूक्ष्मदर्शकाखाली फोटो घ्यायचे आणि त्यावरून मंडल पुन्हा रेखाटायचे, हे कामही तिथल्या तंत्रज्ञांनी कमालीच्या कौशल्याने केले. झायलॉगच्या झेड-८० ची त्यांनी केलेली प्रतिकृती यू-८८० देशातल्या हजारो यंत्रांत चालली, तिच्यावर एक पिढी संगणक शिकली. हे लोक अडाणी नव्हते. त्यांना शहाणे होऊ दिले नाही.

वेर्नर हार्टमान यांची कथा मी अनेकदा वाचली आहे आणि या सगळ्या विषयाचा गाभा मला तिच्यातच दिसतो. १९१२ साली बर्लिनमध्ये जन्मलेले हे भौतिकशास्त्रज्ञ. युद्धानंतर सोव्हिएत संघात नेलेल्या जर्मन शास्त्रज्ञांत तेही होते. काळ्या समुद्राकाठी सुखुमीजवळ, नोबेल विजेते गुस्टाव्ह हेर्ट्झ यांच्या संस्थेत त्यांनी दहा वर्षे काढली. १९५५ मध्ये परत आले. त्यांना पश्चिमेत जाता आले असते, ते पूर्वेत राहिले. १९६१ मध्ये ड्रेस्डेन इथे त्यांनी ‘रेण्वीय इलेक्ट्रॉनिकी’ची संस्था उभारली. टेक्सासमध्ये पहिली एकात्मिक चिप बनून तेव्हा जेमतेम तीन वर्षे झाली होती. म्हणजे पूर्व जर्मनीत हे काम जगाच्या फार मागे राहून सुरू झालेले नव्हते. हार्टमान यांनी शिष्य घडवले, प्रयोगशाळा उभ्या केल्या, पैसे अपुरे पडतात आणि निर्णय उशिरा होतात म्हणून वरिष्ठांशी वाद घातला. स्टासीच्या लेखी हा सगळा पुरावा ठरला. पश्चिमेतल्या जुन्या सहकाऱ्यांशी ओळख, परिषदांतल्या भेटीगाठी, आणि कामाला होणारा उशीर. उशीर मुद्दाम केला जातो, हा माणूस आतून घातपात करतो, असा संशय. त्यांच्याच संस्थेतल्या माणसांना त्यांच्यावर नजर ठेवायला लावले गेले. १९७४ मध्ये त्यांना पदावरून काढले, दीर्घ काळ चौकशा केल्या. हेरगिरीचा आरोप सिद्ध झाला नाही, तरी परत घेतले नाही. फ्राइबर्ग इथल्या एका सरकारी कारखान्यात साधा कर्मचारी म्हणून त्यांना पाठवण्यात आले. ज्याने देशाला चिप बनवायला शिकवले त्याला पुन्हा चिप बनवू दिली नाही.

तीन वर्षांनी, जून १९७७ मध्ये, पक्षाच्या मध्यवर्ती समितीने सूक्ष्म-इलेक्ट्रॉनिक्स हा राष्ट्रीय अग्रक्रम असल्याचा ठराव केला. पैशांचा ओघ सुरू झाला. हार्टमान अजून काम करू शकत होते. त्यांना कोणी बोलावले नाही.

हे केवळ एका माणसावरच्या अन्यायाचे प्रकरण असते तर मी त्यावर इतका थांबलो नसतो. त्यामागे एक तर्क आहे आणि तो तर्क पोलिसांचा आहे. जी राजवट दुसऱ्याच्या घरातून रोज गुपिते आणते, तिला आपल्या घरातल्या प्रत्येक जाणत्या माणसात गुपित बाहेर नेणारा दिसू लागतो. पश्चिमेतल्या शास्त्रज्ञाला आपण जसे फोडतो तसे आपल्यालाही कोणी फोडत असेल, हा विचार स्टासीच्या अधिकाऱ्याला सुचणे स्वाभाविक होते. आणि अशा नजरेला सगळ्यात जास्त खुपतो तो ज्याला जगात काय चालले आहे ते कळते, जो पत्रे लिहितो, ज्याला परिषदांची बोलावणी येतात. चोरून आणलेल्या कागदाचा अर्थ लावू शकणारा माणूसही नेमका तोच. हेरखाते ज्या ज्ञानासाठी जिवाचे रान करत होते, ते पचवण्याची ताकद असलेल्या लोकांना त्याच खात्याचा दुसरा हात चिरडत होता.

गुप्ततेचा दुसरा घाव हिशेबावर पडला. परकीय चलनात किती गेले, मध्यस्थांनी किती घेतले, किती यंत्रे वाटेत अडकली, हे मोजक्या लोकांना माहीत. कोकोचे हिशेब नियोजन आयोगाच्या कक्षेबाहेर. वर्तमानपत्रांना त्याचे नावही छापता येत नव्हते. श्यूरर यांना धोका दिसत होता. एप्रिल १९८८ मध्ये त्यांनी पक्षप्रमुख एरिक होनेकर यांच्याकडे एक टिपण पाठवले. सूक्ष्म-इलेक्ट्रॉनिक्सवरचा खर्च आवरावा, त्याऐवजी यंत्रनिर्मितीकडे, जे देशाला पिढ्यान्‌पिढ्या उत्तम येत होते तिकडे, पैसा वळवावा, असे त्यात सुचवले होते. अर्थव्यवहार सांभाळणारे ग्युंटर मिटाग यांनी ते टिपण हाणून पाडले. संसदेत चर्चा नाही, तज्ज्ञांचे जाहीर मत नाही, ग्राहकाला दुसरीकडे जाण्याची सोय नाही. चूक चालू राहण्यासाठी यापेक्षा सुरक्षित जागा कोणती?

टिपण फेटाळल्यानंतर काही महिन्यांनी, सप्टेंबर १९८८ मध्ये, कार्ल झाइस उद्योगसमूहाचे प्रमुख वोल्फगांग बीअरमान यांनी एक मेगाबिट मेमरी चिपचा नमुना होनेकर यांच्या हाती समारंभाने दिला. त्याच महिन्यात होनेकर यांनी मॉस्कोत सोव्हिएत नेते गोर्बाचेव्ह यांना तशीच चिप भेट दिली. देशभर त्याचा गाजावाजा झाला. जपानी कारखाने तोवर तशी चिप बाजारात विकत होते, आणि ड्रेस्डेनमध्ये घडलेली ही चिप प्रायोगिक उत्पादनाच्या पुढे गेली नाही. हार्टमान त्याच वर्षी मार्चमध्ये वारले होते. ऑगस्ट १९८९ मध्ये होनेकर यांना एरफुर्टच्या कारखान्याने ३२ बिट प्रोसेसरचे नमुने दिले, आणि समाजवादाची वाट आता कोणी अडवू शकत नाही अशा अर्थाचे बोल त्यांनी काढले. हा प्रोसेसर अमेरिकेतल्या डिजिटल इक्विपमेंट या कंपनीच्या चिपची प्रतिकृती होता. आपल्या चिप पूर्वेकडे सूक्ष्मदर्शकाखाली जातात हे त्या कंपनीच्या इंजिनिअरांना चांगले ठाऊक होते. त्यांनी आपल्या एका चिपवर मोडक्यातोडक्या रशियन भाषेत, चोरायचेच तर सर्वोत्तम चोरा अशा आशयाची सूक्ष्म ओळ कोरून ठेवली होती.

माझ्या मताविरुद्ध जाणारा एक मोठा पुरावा आहे आणि तो टाळणे अप्रामाणिकपणाचे होईल. स्टासीच्या हेरखात्याला १९९० मध्ये आपले कागद नष्ट करण्याची मुभा मिळाली होती, पण आलेल्या प्रत्येक माहितीची नोंद ठेवणाऱ्या संगणकीय फिती वाचल्या आणि नव्वदच्या दशकाच्या अखेरीस त्या उलगडल्या गेल्या. आल्ब्रेख्ट ग्लिट्झ आणि एरिक मेयरसन या अर्थशास्त्रज्ञांनी १९७० ते १९८९ या काळातल्या त्या नोंदी एकेका उद्योगाच्या उत्पादकतेशी ताडून पाहिल्या. त्यांचा निष्कर्ष असा की हेरगिरीने पूर्व आणि पश्चिम जर्मनीच्या उत्पादकतेतली दरी खरोखर कमी केली. चोरीने फायदा झाला, ती नसती तर देश आणखी मागे पडला असता.

हा निष्कर्ष मला मान्य आहे. पण त्याच अभ्यासात आणखी दोन गोष्टी आहेत. फायदा मुख्यतः थोड्याशाच, उत्तम दर्जाच्या माहितीमुळे झाला, आणि तो जास्त झाला तो जे उद्योग आधीच पश्चिमेच्या जवळ होते त्यांत. म्हणजे ज्यांच्याकडे समजणारी माणसे होती त्यांना चोरलेला कागद उपयोगी पडला. ज्यांच्याकडे नव्हती त्यांच्याकडे ढीग पडून राहिले. हेरखात्याने पोते भरून आणले तरी ते किती कामी येणार, हे शेवटी घरच्या हार्टमानांवर ठरत होते. आणि दरी कमी झाली ती कोणत्या मोलाने, हे उत्पादकतेच्या आकड्यांत दिसणार नाही. तुरुंगातल्या माणसांचा व्यवहार, घराघरांतून उचलून नेलेली आजोबांची चित्रे आणि घड्याळे, शेजाऱ्यावर नजर ठेवणारा शेजारी, हे त्या सूत्रात बसत नाही. देशाच्या भल्यासाठी चार नियम मोडले तर काय बिघडले, असे म्हणणारे आपल्याकडेही भेटतात. त्यांनी हा खर्च कोणाच्या नावावर टाकला जातो ते पाहावे. परक्या कंपनीचे नुकसान झाले असेल नसेल, भुर्दंड भरला तो आपल्याच नागरिकांनी.

सोव्हिएत संघात हाच प्रकार मोठ्या प्रमाणावर आणि निराळ्या रीतीने झाला. तिथे सेर्गेई लेबेदेव यांनी घडवलेला बेएसएम-६ हा स्वतःच्या बुद्धीचा, त्या काळी जगात मान मिळावा असा संगणक होता. तरीही डिसेंबर १९६७ मध्ये सरकारने आयबीएमच्या ३६० मालिकेची रचना उचलायची, असा निर्णय घेतला आणि पुढे मित्रदेशांनाही त्यात ओढले. आयबीएमचे तयार सॉफ्टवेअर वापरता येईल, हे त्यामागचे कारण अगदीच वेडगळ नव्हते. पण पहिली यंत्रे बाहेर पडेपर्यंत आयबीएमची पुढची मालिका बाजारात आली होती. लेबेदेव यांचा या निर्णयाला विरोध होता. तो ऐकला गेला नाही. या मालिकेतला ईसी-१०३० हा संगणक सत्तरच्या दशकात पवईच्या आयआयटीत आला. ती संस्था १९५८ मध्ये सोव्हिएत मदतीनेच उभी राहिली होती. पवईच्या विद्यार्थ्यांना त्यावर मनसोक्त काम करता आले, प्रश्न विचारता आले, त्यातल्या त्रुटींबद्दल उघड बोलता आले. मॉस्कोतल्या इंजिनिअराला जे करायला बिचकावे लागे, ते इथल्या विशीतल्या मुलांना सहज करता आले.

पुण्याची गोष्ट याच मुद्द्याशी जोडलेली आहे. ऐंशीच्या दशकात अमेरिकेने बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेसाठी महासंगणक द्यायला नकार दिला. हवामानाच्या अंदाजासाठी एक लहान ‘क्रे’ महासंगणक दिला, तोही वापरावर अटी घालून. अपमान खराच होता. १९८८ मध्ये पुण्यात सी-डॅक ही संगणक-संशोधन संस्था सुरू झाली, विजय भटकर यांच्या नेतृत्वाखाली १९९१ मध्ये परम ८००० हा महासंगणक उभा राहिला. त्याचे हृदय परदेशी होते. ब्रिटनच्या इनमॉस कंपनीचे ट्रान्सप्युटर नावाचे प्रोसेसर, बाजारात उघड मिळणारे. आपण ते विकत घेतले आणि मोठ्या संख्येने एकत्र जोडून काम करून घेण्याची रचना स्वतः केली. आपल्या देशाचा सगळाच तंत्रव्यवहार असा निर्मळ होता, असा माझा दावा नाही. पण या प्रकल्पात काय विकत घेतले आणि काय स्वतः केले हे कोणापासून लपवावे लागले नाही. त्यामुळे त्याच्या मर्यादांवर टीका झाली, ती करणारे इथलेच शास्त्रज्ञ होते, आणि पुढची यंत्रे त्या टीकेतून शिकून बनली. बंदी दोन्हीकडे होती. पूर्व जर्मनीवर ती अधिक कडक होती, हेही खरे. तरी बंदीला उत्तर देण्याचा मार्ग एकच असतो असे मानण्याचे कारण नाही.

शाल्क डिसेंबर १९८९ मध्ये पश्चिम बर्लिनला पळून गेले. पुढे एकत्रित जर्मनीतल्या न्यायालयांनी त्यांना दिलेल्या शिक्षा स्थगित स्वरूपाच्या होत्या. रोबोट्रॉन या संगणक उद्योगसमूहात सुमारे ६८ हजार माणसे काम करत. १९९० मध्ये तो विसर्जित झाला. पश्चिमेचा माल दुकानात आल्यावर पूर्वेची चिप कोणी घेईना. चोरून आणलेल्या आराखड्यांची किंमत एका उन्हाळ्यात शून्य झाली.

ड्रेस्डेनमधली माणसे मात्र तिथेच होती. १९९३ च्या अखेरीस सीमेन्सने तिथे चिपचा कारखाना काढायचे ठरवले, त्यानंतर दोन-तीन वर्षांतच अमेरिकेच्या एएमडीने तेच केले. सरकारी अनुदान हे एक कारण होते, पण चकतीवर काम करायला शिकलेले हजारो हात आणि त्यांना शिकवणारे तांत्रिक विद्यापीठ हे दुसरे, तितकेच महत्त्वाचे. १९६१ मध्ये सुरू झालेल्या त्या संस्थेची परंपरा त्यात होती. ऑगस्ट २०२४ मध्ये तैवानच्या टीएसएमसीच्या भागीदारीतल्या नव्या कारखान्याची पायाभरणीही याच शहरात झाली. जुन्या कारखान्यातून नव्या कारखान्यात गेलेल्या त्या इंजिनिअरांसाठी रोजच्या कामात एक फरक पडला होता. यंत्र अडले, की ते बनवणाऱ्याला फोन करून का अडले ते आता विचारता येत होते.